बातमी खरी निघाली. पण ती ‘माहीत होती’ असे म्हणता येईल का?

करवीरकर

विषय पुस्तकी वाटेल, पण तो निघाला आहे आमच्या अपार्टमेंटच्या व्हॉट्सॲप गटावरून. पावसाळ्यात कोल्हापुरात राहणाऱ्या प्रत्येकाला दोन आकडे पाठ असतात: राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगेची इशारा पातळी ३९ फूट आणि धोका पातळी ४३ फूट. अशाच एका पावसाळ्यात सकाळी गटावर कोणीतरी पूरस्थितीच्या सरकारी पत्रकाचे छायाचित्र टाकले. नदीने ४३ फुटांची पातळी ओलांडली आहे, अमुक बंधारे पाण्याखाली आहेत, असा त्यात नेहमीचा मजकूर होता. आमच्या मजल्यावरच्या काकांनी ते वाचले आणि शाहूपुरीत तळमजल्यावर राहणाऱ्या बहिणीला फोन करून सामान वर हलवायला सांगितले. दुपारी एकाच्या लक्षात आले, की पत्रक अस्सल असले तरी त्यावरची तारीख जुनी, आधीच्या एका पुरातली आहे. संध्याकाळी त्या दिवसाचे खरे पत्रक हाती आले, तेव्हा कळले, की त्या सकाळीही नदीने ४३ फूट ओलांडलेच होते.

मग जिन्यात वाद रंगला. काका म्हणाले, “मला सकाळीच माहीत होते.” सेक्रेटरी म्हणाले, “तुम्हाला माहीत नव्हते, तुमचा अंदाज लागला एवढेच.”

ज्ञान कशाला म्हणावे, याचे एक जुने उत्तर प्लेटोच्या संवादांपासून चर्चेत आहे. गोष्ट खरी असावी, आपला तिच्यावर विश्वास असावा आणि त्या विश्वासाला योग्य कारण असावे. काकांकडे तिन्ही होते: नदी खरोखर ४३ फुटांवर होती, त्यांचा तसा विश्वास होता, आणि सरकारी पत्रकावर भरवसा ठेवणे हे काही वेडेपणाचे कारण नव्हे. तरीही सेक्रेटरींचे म्हणणे मला बरोबर वाटते. एडमंड गेटियर या अमेरिकी तत्त्वज्ञाने १९६३ मध्ये जेमतेम तीन पानांच्या लेखात नेमके हेच दाखवले, की तिन्ही अटी पूर्ण होऊनही माणसाच्या हाती ज्ञान नसू शकते, कारण त्याचा विश्वास योगायोगाने खरा ठरलेला असू शकतो. नुसते कारण असून भागत नाही; ते कारण त्या सत्याशी जोडलेले असावे लागते, असे माझे मत आहे. हे ‘जोडलेले असणे’ नेमके कशाला म्हणावे, यावर जाणकारांनी लिहावे.

मंगळवार_पेठ

भावा, बातमी खरी निघाली ना? ताईंचे सामान वाचले ना? मग काकांना ‘माहीत होते’ म्हणू देण्यात कोणाचे काय बिघडते?

करवीरकर

बिघडले, आणि ते त्याच दिवशी दुपारी बिघडले. जुनी तारीख लक्षात आल्याबरोबर काकांनी बहिणीला पुन्हा फोन केला, की ती बातमी जुनी होती, सामान राहू दे खालीच. त्या वेळी नदी ४३ फुटांच्या वरच होती. म्हणजे सकाळी त्यांच्या मनात जी खरी गोष्ट होती, ती दुपारी नदीत काहीही बदल न होता निघून गेली, कारण ती ज्या खुंटीला अडकवली होती ती खुंटी नदीची नव्हतीच. सकाळीच कोणी बंधाऱ्यावर जाऊन पट्टी पाहिली असती, तर शंभर जुनी पत्रके दाखवूनही त्याचे मत हलले नसते.

प्लेटोच्या एका संवादात सॉक्रेटिस हाच प्रश्न काढतो. लारिसा गावाचा रस्ता ज्याला माहीत आहे तो लोकांना तेथे पोहोचवील, पण ज्याचा अंदाज बरोबर आहे तोही पोहोचवीलच; मग ज्ञानाला जास्त मोल का? तो स्वतःच उत्तर देतो, की खरी मते दंतकथेतल्या डेडॅलस या शिल्पकाराच्या पुतळ्यांसारखी पळून जाणारी असतात, कारणाने बांधून ठेवली तरच टिकतात. काकांचे मत दुपारी पळाले, एवढेच माझे म्हणणे आहे.

अनुमिती

धाग्यावर गेटियरचे नाव आले, तर आपल्याकडचीही दोन-तीन नावे यायला हवीत. आठव्या शतकातील बौद्ध आचार्य धर्मोत्तर यांनी असे एक उदाहरण दिले आहे: मांस भाजायला नुकतीच आग पेटवली आहे, धूर अजून उठलेला नाही, पण वासाने कीटकांचा थवा जमला आहे. लांबून पाहणाऱ्याला तो थवा धुरासारखा दिसतो आणि तो म्हणतो, तेथे आग आहे. आग आहेच, पण त्याला ती कळली असे म्हणता येईल का? त्यांचेच दुसरे उदाहरण मृगजळाचे आहे. तहानलेला प्रवासी मृगजळाला पाणी समजून धावतो आणि तेथे पोहोचल्यावर खडकाखाली त्याला खरोखर पाणी सापडते. पुढे बाराव्या शतकात श्रीहर्षांनी मुठीतल्या कवड्यांचे उदाहरण घेतले. मुठीत किती कवड्या आहेत, या प्रश्नावर कोणी उगाच ‘पाच’ म्हणतो आणि नेमक्या पाचच निघतात. काकांचे प्रकरण या तिन्ही उदाहरणांपैकी धर्मोत्तरांच्या थव्याला सर्वांत जवळचे आहे. कवड्यांचा आकडा सांगणाऱ्याकडे कारणच नव्हते, काकांकडे होते. फक्त ते धुराचे नसून थव्याचे होते.

आता ‘जोडलेले असणे’ म्हणजे काय, याविषयी. नैयायिक, म्हणजे न्यायदर्शनाचे पंडित, हा प्रश्न ‘विश्वास अधिक कारण’ अशा बेरजेने सोडवत नाहीत. ते विचारतात, ही जाणीव उत्पन्न कशातून झाली? ज्या कारणांतून ती आली ती निर्दोष असतील, तर ती प्रमा, म्हणजे खरे ज्ञान. त्यांत दोष असेल, तर ती अप्रमा. काकांना जे कळले ते डोळ्यांनी किंवा अनुमानाने कळलेले नाही, ते शब्दातून, म्हणजे दुसऱ्याच्या सांगण्यातून, कळलेले आहे, आणि शब्दप्रमाणाची अट अशी, की सांगणारा आप्त असावा, म्हणजे त्या विषयाची त्याला माहिती असावी आणि ती आहे तशी सांगण्याची त्याची इच्छा असावी. पत्रक काढणारे कार्यालय आप्त मानायला माझी हरकत नाही. पण त्या पत्रकाने त्या दिवशीच्या नदीबद्दल काहीच म्हटलेले नव्हते! ते एका वेगळ्या दिवसाबद्दल बोलत होते आणि खरेच बोलत होते. ‘आज’ हा भाग गटावर टाकणाऱ्याने, बहुधा नकळत, जोडला. आणि त्या भागापुरता तो आप्त नव्हता. साखळी तुटली ती नेमकी तेथे.

जाता जाता एक सांगते, कारण ‘ऐकीव गोष्टीला ज्ञान म्हणूच नये’ असा प्रतिसाद येणार, हे मला दिसते आहे. प्रमाणे, म्हणजे ज्ञानाची साधने, किती मानावीत यावर आपल्याकडे मोठा मतभेद आहे. चार्वाक फक्त प्रत्यक्ष (इंद्रियांना कळते ते) मानतात, बौद्ध प्रत्यक्ष आणि अनुमान, सांख्य त्यांत शब्द घालतात, नैयायिक उपमानासह (साम्यावरून ओळखणे) चार मानतात आणि कुमारिल भट्टांच्या परंपरेतले भाट्ट मीमांसक अर्थापत्ती (एरवी जुळत नाही म्हणून मानणे) व अनुपलब्धी (न दिसण्यावरून ‘नाही’ हे कळणे) धरून सहा. शब्द काढून टाकायचा असेल, तर खुशाल टाका. मग स्वतःची जन्मतारीख तुम्हाला माहीत आहे असे मात्र म्हणू नका, कारण त्या दिवशी तुम्ही हजर असलात तरी साक्षीदार नव्हता.

चुलवाण

अनुमितीताईंचे आणि करवीरकरांचे दोघांचेही मुद्दे आवडले, पण ‘कारण हवे’ या अटीवर माझी शंका आहे. आमचे करवीर तालुक्यात घरचे गुऱ्हाळ होते, आणि तेथे सगळा हंगाम ज्याच्या एका शब्दावर चालायचा तो माणूस म्हणजे गुळव्या. रस उकळून मळी काढून झाली, की पुढचा खेळ त्याच्या डोळ्यांचा आणि बोटांचा. काहिलीतला फेस बारीक होत जातो, बुडबुड्याचा आवाज जाड होतो, मग तो थोडा पाक थंड पाण्यात सोडतो, बोटांत घेऊन त्याची गोळी वळते का ते पाहतो आणि म्हणतो, “उतरा.” थोडे आधी उतरवले तर रवा धरत नाही, थोडे उशिरा उतरवले तर गूळ करपून काळा पडतो. उष्णतामापक लावला, तर तो क्षण ११८ अंशांच्या आसपास सापडतो, असे पुस्तकात आहे. आमच्या गुळव्याला अंश वगैरे काही ठाऊक नव्हते. ‘आताच का?’ असे विचारले, तर तो म्हणायचा, “आता झालाय म्हणून.”

हे कारण झाले का? तर्कशास्त्राच्या वर्गात तर नापास. पण पाक झाला आहे हे त्याला माहीत नव्हते, असे म्हणायची कोणाची छाती आहे? उलट शिकाऊ पोरगा पुस्तक वाचून ११८ अंशांचे कारण देईल, पण त्याच्या हाती आख्खी काहील सोपवायला आमचे आजोबा तयार झाले नसते.

करवीरकर

चुलवाणदादा, तुमच्या गुळव्यासाठीच जणू एक मत मांडलेले आहे. ॲल्विन गोल्डमन यांनी १९७९ मध्ये असे मांडले, की विश्वास ज्या प्रक्रियेतून तयार झाला ती प्रक्रिया सहसा खरेच मत देत असेल, तर तो विश्वास समर्थित मानावा. ते कारण माणसाला सांगता आले पाहिजे, अशी अट घालू नये. गुळव्याचे डोळे आणि बोटे भरवशाची आहेत, बस्स.

पण मला येथे एक अडचण दिसते, आणि ती काकांच्या बाबतीत लगेच उघडी पडते. काकांनी वापरलेली प्रक्रिया कोणती? ‘सरकारी पत्रक वाचणे’ असे म्हटले तर ती अत्यंत भरवशाची आहे. ‘व्हॉट्सॲपवर आलेले छायाचित्र तारीख न पाहता खरे मानणे’ असे म्हटले तर ती अगदीच बेभरवशाची आहे. दोन्ही वर्णने त्याच एका कृतीची आहेत. मग भरवसा मोजायचा कोणत्या वर्णनाने? आपल्याला आधी उत्तर ठाऊक असते, की काकांना माहीत नव्हते, आणि मग आपण त्या उत्तराला शोभेल असे वर्णन निवडतो. हे मला पटत नाही. ताईंची साखळीची मांडणी या बाबतीत जास्त कामाची आहे, कारण ती वर्णनावर अवलंबून नाही. कडी कोठे तुटली ते बोट ठेवून दाखवता येते.

चुलवाण

गुळव्यापुरते एक सांगतो. उसाची जात बदलली किंवा खारवट रानातला ऊस आला, तर तोच माणूस पहिल्या काहिलीला गोळी पुन्हा पुन्हा वळून पाहायचा, एरवी एकदाच पाहायचा. म्हणजे आपला भरवसा कोठे कमी पडेल, हेही त्याला कळत होते. कारण सांगता न येणे आणि आपली मर्यादा न कळणे या निराळ्या गोष्टी आहेत.

अनुमिती

हा मुद्दा फार मोलाचा आहे, दादा. काकांच्या बाजूने नेमके हेच नव्हते.

शंकासुर

आपण सगळे एक गोष्ट गृहीत धरून बसला आहात, की त्या संध्याकाळी आलेले पत्रक तरी ‘खरे ज्ञान’ होते. कशावरून? बंधाऱ्यावर कोणीतरी मोजपट्टी वाचली. त्याची नजर चुकली नसेल कशावरून? त्याने फोनवर कळवले; ऐकणाऱ्याने चुकीचे टिपले नसेल कशावरून? प्रत्येक कारणाला दुसरे कारण लागते. ती रांग संपतच नाही, किंवा गोल फिरून पहिल्या कारणावर येते, किंवा कोठेतरी आपण थकून ‘हे मान्य’ म्हणतो. तिन्ही वाटांनी हाती काही लागत नाही. म्हणून काका आणि सेक्रेटरी यांच्यात फरक एवढाच, की काकांचा अज्ञानपणा पकडला गेला.

अनुमिती

शंकासुरराव, तुमची त्रिशंकू अवस्था जुनी आहे आणि तिचे उत्तरही जुने आहे. दहाव्या शतकात उदयनाचार्यांनी म्हटले, ‘व्याघातावधिराशङ्का’, म्हणजे शंका घ्यायची ती स्वतःच्या वागण्याशी विरोध येईपर्यंतच. चौदाव्या शतकात मिथिलेच्या गंगेश उपाध्यायांनी ते आणखी स्पष्ट केले: धूर आणि आग यांच्या संबंधाबद्दल ज्याला खरोखर शंका आहे, तो धूर हवा असताना न चुकता आगीकडेच का जातो, आणि पोट भरण्यासाठी अन्नाकडेच का जातो? तुम्ही हा प्रतिसाद टंकला, याचा अर्थ आम्ही तो वाचू शकतो, यावर तुमचा पुरेसा विश्वास आहे.

बाकी, तुमच्या तिसऱ्या वाटेत मला काही दोष दिसत नाही. मीमांसक म्हणतात, की प्रत्येक जाणीव आधी प्रमाण म्हणूनच घ्यायची आणि बाध, म्हणजे ती खोटी ठरवणारा पुरावा, आला तरच सोडायची. नैयायिक म्हणतात, की प्रामाण्य नंतर, व्यवहारातल्या यशावरून ठरते. दोघांपैकी कोणीही ‘आधी शेवटच्या कारणापर्यंत पोहोचा, मगच जाणा’ असे म्हणत नाही. मोजपट्टी वाचणाऱ्याची नजर चुकली असेल, हे शक्य आहे; पण ‘चुकली असेल’ एवढे म्हणून बाध होत नाही, ‘चुकली’ हे दाखवावे लागते. जुन्या तारखेने ते दाखवले होते.

किरणमास्तर

नदीवरून थोडे मंदिराकडे येऊ, विषय तोच आहे. अंबाबाईच्या किरणोत्सवाच्या तारखा कोल्हापुरात कोणालाही विचारा: ९, १० आणि ११ नोव्हेंबर, आणि ३१ जानेवारी, १ आणि २ फेब्रुवारी. मावळतीची किरणे महाद्वारातून आत येतात आणि परंपरेप्रमाणे पहिल्या दिवशी चरणांपर्यंत, मग वर, तिसऱ्या दिवशी मुखापर्यंत पोहोचतात. हे बहुतेकांना आईवडिलांकडून कळलेले आहे आणि अनेकांनी गर्दीत उभे राहून पाहिलेलेही आहे. ते ज्ञान आहे, याबद्दल माझ्या मनात शंका नाही.

पण वर्गात मी मुलांना विचारतो, की दोन्ही उत्सवांत असे काय समान आहे? १० नोव्हेंबरपासून २१ डिसेंबरपर्यंतचे दिवस मोजा आणि तेथून १ फेब्रुवारीपर्यंतचे मोजा. दोन्हीकडे ४१–४२ दिवस येतात. हिवाळ्यात सूर्य दक्षिणेला टोकापर्यंत जाऊन परत फिरतो, म्हणून जाताना आणि येताना तो क्षितिजावर एकाच ठिकाणी मावळतो, पश्चिमेपासून साधारण १७–१८ अंश दक्षिणेला. ज्या मुलाला हे कळले, त्याला दोन तारखांची एकच गोष्ट झालेली दिसते. एखाद्या वर्षी किरणे चरणांपर्यंत येऊन थांबली, तर पहिला मुलगा म्हणतो ‘यंदा उत्सव झाला नाही’, आणि दुसरा विचारतो, की क्षितिजावर ढग होते, हवेत बाष्प होते, की वाटेत कोणी नवा मजला चढवला? कारण सूर्य चुकलेला नसणार, हे त्याला ठाऊक आहे.

म्हणून ‘ज्ञान आहे की नाही’ असा एकच खटका नसावा, असे मला वाटते. दोघांनाही तारीख माहीत आहे, पण दुसऱ्याचे ज्ञान न पाहिलेल्या प्रसंगांपर्यंत पोहोचते. गुळव्या या दोघांच्या मध्ये कोठे बसतो, ते चुलवाणदादांनी ठरवावे.

पंचगंगाकाठ

मी प्रयाग चिखलीचा. २०१९ मध्ये आमच्या गावाला पाण्याने कसे वेढले, ते सगळ्यांनी दूरचित्रवाणीवर पाहिले. आमच्याकडे पूर कर्नाटकातल्या अलमट्टी धरणाच्या फुगवट्यामुळे येतो, हे लहान पोरालाही माहीत आहे. २०१९ च्या पुरानंतर सरकारने नेमलेल्या वडनेरे समितीने मात्र अलमट्टीला जबाबदार धरले नाही, अतिवृष्टीकडे बोट दाखवले. आता अख्खे गाव एका बाजूला आणि अहवाल एका बाजूला. येथे आप्त कोण? पाण्यात उभे राहिलेली माणसे, की नंतर आकडे पाहणारे?

करवीरकर

दादा, मला या प्रश्नाचे दोन तुकडे करावेसे वाटतात. पाणी किती चढले, किती दिवस थांबले, कोणत्या बाजूने आले आणि किती सावकाश उतरले, या बाबतीत गावाइतका आप्त दुसरा कोणी नाही, आणि कोणत्याही अहवालाने ते आधी ऐकून घेतले पाहिजे. पण ते पाणी खाली का गेले नाही, याचे कारण गावातून दिसत नाही. अलमट्टी तेथून फार लांब आहे. तेथे पाण्यात उभे राहण्याचा काही उपयोग नाही, तेथे पातळ्या, विसर्ग आणि वेळा यांचा हिशोब लागतो.

गावातल्या हजार माणसांचे मत हे हजार साक्षी ठरते का, हेही पाहावे लागेल. प्रत्येकाने ते स्वतंत्रपणे तपासले असेल, तर ते डोंगराएवढे बळ आहे. पण सगळ्यांनी ते एकाच भाषणातून किंवा एकाच बातमीतून घेतले असेल, तर साक्षीदार एकच आहे. हाच निकष समितीलाही लावा. तिच्या निष्कर्षावर विश्वास ठेवायचा तो ती सरकारी आहे म्हणून नव्हे, तर तिने आकडे मांडले आहेत आणि ते दुसऱ्याला तपासता येतात म्हणून. ज्यांना निष्कर्ष पटत नाही, त्यांनी त्या आकड्यांतली कडी दाखवावी. मी स्वतः या बाबतीत ‘मला माहीत आहे’ असे म्हणणार नाही. समितीचे मत मला जास्त संभवनीय वाटते, एवढेच म्हणेन.

मंगळवार_पेठ

विषय हार्ड झाला. पण मग काठावरच्या माणसाने करायचे काय? आकडे तपासून होईपर्यंत थांबायचे?

पंचगंगाकाठ

मंगळवारपेठकर, आम्ही थांबत नाही. नदी ३९ फुटांवर गेली, की आम्ही जनावरे हलवायला लागतो. पाणी गोठ्यात येणारच, हे तेव्हा कोणालाही माहीत नसते. अनेकदा ते येतही नाही, आणि आठवडाभर म्हशी पाहुण्यांच्या दारात बांधून परत आणाव्या लागतात. करवीरकरांचे आकड्यांबद्दलचे उत्तर मला निम्मे पटले, पण तुमचे ज्ञान पक्के होईपर्यंत दावणीची म्हैस जिवंत राहायला हवी.

किरणमास्तर

मला तर वाटते, की चुकीची किंमत जेवढी मोठी, तेवढे ‘माहीत आहे’ म्हणण्यासाठी पुरावेही जास्त लागावेत. शाळेत मुलांना ‘नदी ४३ वर आहे’ हे सांगायला वर्तमानपत्र पुरे; बहिणीला ‘आता धोका नाही, खालीच राहा’ हे सांगायला ते पुरे नाही.

अनुमिती

मास्तर, येथे मी सहमत नाही. तोच माणूस, तेच वर्तमानपत्र, तीच नदी. मग समोर म्हैस बांधली आहे की नाही, यावर त्याचे ज्ञान कमीजास्त कसे होईल? बदलते ते कृतीचे माप. चिखलीच्या दादांनी जनावरे हलवली ती ज्ञानावर नव्हे, संशयावर, आणि संशयावरही माणूस पूर्ण शहाणपणाने वागू शकतो. आपण त्या वागण्याला मान देण्यासाठी त्याला ज्ञान म्हणायला जातो आणि मग अटी ताणत बसतो. काकांनी सकाळी बहिणीला ‘एक पत्रक आले आहे, तारीख पाहिलेली नाही, पण सामान वर घेऊन ठेव’ असे सांगितले असते, तर दुपारच्या दुसऱ्या फोनची वेळ आली नसती.

किरणमास्तर

पण ताई, तसे सांगितले असते तर बहिणीने सामान हलवले असते का? ‘माहीत आहे’ या शब्दांवरच माणसे हलतात. सांगणाऱ्यावर जी जबाबदारी येते ती त्या शब्दांमुळेच येते, आणि ती किंमतीप्रमाणे वाढते, एवढेच माझे म्हणणे आहे. ज्ञान तेच राहते असे तुम्ही म्हणता, तर ते म्हणण्याचा अधिकार तरी बदलतो, हे मान्य करा.

अनुमिती

अधिकार बदलतो, हे मान्य. ज्ञान बदलते, हे नाही. यावर वेगळा धागा काढावा, हा बराच लांबला.